काल नेहमीप्रमाणे

मित्रांनो, हे जग आज एकसंध उभं आहे ते माझ्यामुळे. तुमची शाळा काल जिथे होती तिथेच आज आहे, तुमची आई तुम्हाला तुमच्याच नावाने हाक मारते, अंधारात जिना चढताना शेवटची पायरी हवी तिथेच पायाला लागते, या सगळ्याचं श्रेय माझं आहे. निदान माझ्या छातीवरच्या पितळी पट्टीवर तसं कोरलेलं आहे. ही पट्टी चार स्क्रूंनी बसवली होती. सध्या दोन आहेत. त्यामुळे ती तिरकी दिसते आणि झाडलोट करणाऱ्या मावशी तिच्यावर आपलं ओलं फडकं वाळत घालतात.

मी एक जुना काळजोड आहे. कागदोपत्री माझं नाव 'विभक्त कालरेषा स्थिरीकरण व मार्गदर्शन यंत्र, नमुना दोन' असं आहे. नमुना एकचं काय झालं हे कुणी सांगत नाही. उंचीला मी कपाटाएवढा आहे, रंगही कपाटासारखाच आहे, आणि आजवर किमान चाळीस माणसांनी आत फाइली आहेत का ते पाहण्यासाठी माझं दार ओढलं आहे. मला दार नाही. ते ओढतात ती माझी बरगडी आहे.

काळजोड काय करतो हे तुम्हाला शाळेत शिकवत नाहीत, म्हणून थोडक्यात सांगतो. दिवस एकच असतो अशी तुमची समजूत आहे. तसं नाही. सकाळी तुम्ही घरातून निघता आणि कोपऱ्यावर तुम्हाला छत्री आठवते. एका रेषेत तुम्ही मागे फिरता, दुसऱ्या रेषेत तसेच पुढे जाता. बहुतेक वेळा या दोन रेषा संध्याकाळपर्यंत आपोआप एक होतात, कारण छत्री नेली काय नि न नेली काय, माणूस घरी येऊन तेच बोलतो. आपण करतो त्यातल्या बहुतेक गोष्टींनी काडीचाही फरक पडत नाही, असं माझं आयुष्यभराचं निरीक्षण आहे. मी ते फारसं बोलून दाखवत नाही. लोकांना वाईट वाटतं.

पण काही रेषा पुन्हा जुळत नाहीत. मग एका भिंतीला लागून दोन घरं असावीत तशा त्या शेजारी शेजारी चालत राहतात. ही भिंत पातळ झाली की एखादा माणूस नकळत इकडचा तिकडे जातो आणि तिकडचा इकडे येतो. त्याला वाटतं, आपलीच आठवण दगा देते आहे. दिव्याचं बटण डावीकडे होतं का उजवीकडे? तो दोन मिनिटं खोलीत उभा राहतो आणि मग कामाला लागतो. ही भिंत जाड ठेवायची आणि चुकून आलेल्याला त्याच्या घरी पोचवायचं, हे माझं काम.

मला एका घड्याळं दुरुस्त करणाऱ्या बाईने बनवलं. दुकानाच्या मागच्या खोलीत तिने माझ्यावर दोन वर्षं घालवली. त्यातले सहा महिने कपाळावरचा चष्मा शोधण्यात गेले असतील. तिने मला दोन काटे दिले: काळा आपल्या रेषेचा, तांबडा शेजारच्या रेषेचा. मधोमध एक गोल काच बसवली. रेषांमध्ये फट पडली की त्या काचेतून शेजारच्या रेषेतली हीच खोली दिसते. दोन बाजूंना दोन पितळी कर्णे लावले, माणसांना बोलायला. शेवटचा खिळा ठोकून झाल्यावर ती माझ्या बरगडीवर थाप मारून म्हणाली, "बाकी काही जमलं नाही तरी चालेल. काटा खोटा हलवलास तर भंगारात देईन." इतकं स्पष्ट मला पुढे कुणीच बोललं नाही.

माझं सगळं बळ 'मिळवणी'त आहे. रोज सकाळी माझ्या दोन बाजूंना दोन माणसं बसतात. मध्ये फळी असते. दोघांनी आपापल्या कर्ण्यात काल या खोलीत काय काय घडलं ते सांगायचं. एकमेकांना आधी विचारायचं नाही. दोघांनी स्वतंत्रपणे सांगितलेली एकच गोष्ट हा माझा खुंटा. मी आपली रेष त्याला बांधतो. गोष्ट जितकी बारीक, तितका खुंटा घट्ट. एकदा खिडकीतून मांजर आली, शाईच्या बाटलीत पाय बुडवून तिने तीन फाइलींवर सह्या केल्या आणि निघून गेली. दुसऱ्या दिवशी दोघांनी ती मांजर सांगितली. मित्रांनो, त्या मांजरीवर मी आठवडाभर रेष पेलली. शेजारच्या कुठल्याच रेषेत तशी मांजर नव्हती.

माझ्या एका कर्ण्याशी मिस्त्री बसत. माझं तेलपाणी, स्क्रू, काटे सगळं त्यांच्याकडे. दुसऱ्या कर्ण्याशी ताई बसत. त्यांच्याकडे नोंदवही. सुरुवातीच्या वर्षांत हे दोघे मिळवणी होईपर्यंत एकमेकांकडे बघतसुद्धा नसत. नमस्कार मिळवणीनंतर, चहा त्याच्याही नंतर.

ते माझे चांगले दिवस होते. वाट चुकलेली माणसं यायची. एक शिक्षिका आली, तिच्या वर्गात हजेरीपेक्षा एक मूल जास्त भरत होतं आणि ते मूल तिला ओळखत होतं. मी दोन तासांत तिची रेष शोधून दिली. ती जाताना माझ्या काचेला हात लावून गेली. एक गृहस्थ दर महिन्याला यायचे. त्यांचं म्हणणं, त्यांच्या खऱ्या रेषेत त्यांना बढती मिळालेली आहे. त्यांची रेष हीच होती. हे त्यांना सांगणं माझ्या उभ्या नोकरीतलं सर्वांत अवघड काम ठरलं. शेवटी ते मिस्त्रींनी केलं. मिस्त्री म्हणाले, "साहेब, मशीन बिघडलंय, पुढच्या महिन्यात या." असं ते नऊ वर्षं म्हणत होते.

मग नवे साहेब आले. साहेब दुष्ट नव्हते. त्यांना फक्त तक्त्यात रिकामी जागा किंवा वेगळा आकडा दिसला की झोप लागायची नाही. माझ्या तक्त्यात 'फरक' नावाचा एक रकाना आहे. कधी मिस्त्री सांगायचे, काल दुपारी पाऊस पडला. ताई सांगायच्या, पाऊस नव्हता, वरच्या मजल्यावरची टाकी भरून वाहत होती. काटे अर्धं बोट लांब जायचे. मी तासाभरात शोधून ते जागेवर आणायचो. टाकीच असायची. पण तक्त्यात 'अर्धं बोट' लागलेलं असायचं.

"फरक येतोच कसा?" साहेब म्हणाले. "दोन शहाणी माणसं एका खोलीत दिवसभर बसतात आणि त्यांना एक गोष्ट सांगता येत नाही?"

त्यानंतर पंधरा दिवसांनी ताईंनी पहिल्यांदा जिन्यातच विचारलं, "मिस्त्री, आज काय सांगायचं?" महिन्याभरात विचारायचीही गरज उरली नाही. साहेबांनी चिठ्ठ्याच छापून आणल्या: 'काल कामकाज नेहमीप्रमाणे झाले. विशेष काही घडले नाही.' एक चिठ्ठी मिस्त्री वाचायचे, एक ताई. काटे एकमेकांवर असे बसायचे की जणू एकच काटा आहे.

आता तुमच्यापैकी कुणाच्या लक्षात आलं असेल. 'नेहमीप्रमाणे' सगळ्याच रेषांत असतं. तेच वाक्य शेजारच्या खोलीतही वाचलं जात होतं, त्याच्या शेजारच्याही. मी आपली रेष बांधायला खुंटा शोधत होतो आणि माझ्या हातात प्रत्येक वेळी सगळ्यांचाच खुंटा येत होता. भिंत रोज थोडी झिजत होती. माझा काटा मात्र खरं सांगत होता: दोन चिठ्ठ्यांत फरक नव्हता. मला वाचा नाही. असती तरी मी ओरडलो असतो का, सांगता येत नाही. कारण सलग शून्य फरकाबद्दल आम्हाला ढाल मिळाली. वरच्या कार्यालयातले मोठे साहेब फोटोला आले. त्या फोटोत मी आहे, पण माझ्यापुढे सात माणसं उभी आहेत. तरी मला बरं वाटलं होतं, हे कबूल करतो.

अशी अकरा वर्षं गेली.

एका बुधवारी सकाळी वरच्या कार्यालयातून तपासनीस आला. त्याला मिळवणी नियमाप्रमाणे पाहायची होती. "मी इथे नाहीच असं समजा," तो म्हणाला आणि बरोबर मध्ये उभा राहिला. चिठ्ठ्या खणात राहिल्या. ताईंनी मिस्त्रींकडे पाहिलं, मिस्त्रींनी छताकडे. मग अकरा वर्षांनी पहिल्यांदाच दोघांनी आपापल्या मनाने काल सांगितला.

मिस्त्री म्हणाले, "काल अकराला माझा धाकटा आला होता, घराची किल्ली द्यायला. ताईंची खुर्ची डुगडुगत होती. त्याने खिशातला स्क्रू काढून पाय पक्का करून दिला. ताईंना म्हणाला, 'दादा घरी तोंड उघडत नाही, इथे तरी बोलतो का?' ताई म्हणाल्या, 'बोलतात, पण रोज तेच.'"

पलीकडून ताई सांगत होत्या, "काल दिवसभर कुणी आलं नाही. माझी खुर्ची डुगडुगत होती, मी पायाखाली कागदाची घडी घातली. चार वाजता मिस्त्रींनी खिडकी लावली, डास येतात म्हणून."

माझे काटे करकरले आणि चार बोटं लांब झाले.

तपासनिसाने वाकून पाहिलं. "हलतात की," तो म्हणाला, "यंत्र चालू स्थितीत आहे" असा शेरा लिहिला, आणि त्याला बस गाठायची होती म्हणून निघून गेला.

 मग ताई उठून पलीकडे आल्या.

"मिस्त्री, कुठला भाऊ आला तुमचा?"

"कुठला म्हणजे? मला काय डझनभर आहेत?"

"मी आले होते हो तुमच्या घरी भेटायला. पाच वर्षं झाली. तो टाकीच्या शिडीवरून..."

"शिडी सरकली होती, हो. गुडघा गेला त्याचा. अजून लंगडतो."

ताईंनी खुर्चीची पाठ धरली. "मिस्त्री," त्या म्हणाल्या, "गुडघा नाही."

दोघे एकदमच खाली वाकले. खुर्चीच्या पायात स्क्रू नव्हता. खाली कागदाची घडी होती. घडी कसली, छापील चिठ्ठीच होती ती. मिस्त्री तसेच वाकलेले राहिले, बराच वेळ. उठायचं कशासाठी, हे त्यांना आठवत नसावं.

फट पडली होती, तेव्हा काच उजळली. आम्ही तिघांनी आत पाहिलं. तीच खोली, तीच खिडकी, खुर्ची मात्र सरळ. तिथेही एक मिस्त्री होते, या रेषेतले, त्या सकाळी नकळत पलीकडे गेलेले. आणि दारात एक लंगडा प्लंबर उभा होता, स्क्रूड्रायव्हर विसरला म्हणून परत आलेला. तिकडचे मिस्त्री उठले, बसले, पुन्हा उठले. मग त्यांनी त्याचा हात धरला आणि सोडेचनात. धाकटा हसत होता. "दादा, अरे स्क्रूड्रायव्हर न्यायला आलोय, लढाईवर नाही चाललो."

इकडच्या मिस्त्रींनी काचेवर तळहात टेकला. "माझा आहे तो," ते म्हणाले. कुणी नाही म्हटलं नव्हतं.

मित्रांनो, अशा वेळी काय करायचं हे मला पाठ आहे. दोन्ही रेषांतल्या काळजोडांनी एकाच वेळी फरक दाखवला की मी माझ्या पोटातलं चाक फिरवतो आणि दोघं आपापल्या जागी जातात. म्हणजे तिकडच्या मिस्त्रींनी तिकडे खरं सांगायला हवं. आणि हे तीन दिवसांत व्हायला हवं. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी पाचला फट सिमेंटसारखी सुकते. मग जो जिथे, तो तिथे. बुधवार सकाळ उलटली होती. शुक्रवार पाचपर्यंत वेळ होता.

तिकडे तपासनीस आलाच नव्हता. तिकडे त्याची बस चुकली होती. तिकडच्या मिस्त्रींनी गुरुवारी सकाळी खणातून चिठ्ठी काढली, तिकडच्या ताईंनी काढली, आणि दोघांनी वाचलं: काल कामकाज नेहमीप्रमाणे झाले. तिकडच्या माझ्यासारख्याचा काटा जागचा हलला नाही.

इकडे साहेबांना सांगणं भाग होतं.

"चार बोटं?" साहेबांनी विचारलं. "दोन म्हणता येतील का?"

"साहेब, माझा भाऊ तिकडे आहे," मिस्त्री म्हणाले. "मला परतीचा अर्ज द्या."

साहेबांनी कपाटातून अर्ज काढला. आधी मला उघडायला जात होते, पण मिस्त्रींनी खरं कपाट दाखवलं. साहेबांनी अर्ज नीट वाचला. "अर्जदार या रेषेचा रहिवासी असावा, असं आहे."

"मी या रेषेचा नाही. म्हणून तर अर्ज."

"मग तुमच्या रेषेत करा ना."

"तिकडे जाता येत नाही, साहेब."

"बरोबर. त्याचसाठी अर्ज लागतो." साहेबांना खरंच वाईट वाटत होतं. त्यांनी मिस्त्रींना बसायला सांगितलं, पाणी दिलं. मग म्हणाले, "ताई, उद्याच्या मिळवणीला तेवढी चिठ्ठी वाचून टाका. आकडा बिघडायला नको."

ताई अकरा वर्षांत साहेबांना उलटून बोलल्या नव्हत्या. "माझ्या तोंडून ते आता निघायचं नाही," त्या म्हणाल्या. "ओढून काढायचं तर तुम्ही काढा."

साहेब गेल्यावर त्या मिस्त्रींसमोर बसल्या. "मला एक सांगा. तुम्ही याआधी किती वेळा बदलला असाल? आणि मी? माझ्या घरी साखरेचा डबा कधी वरच्या फळीवर असतो, कधी खालच्या. मी रोज नवऱ्याला बोल लावते."

मिस्त्री खणातल्या चिठ्ठ्या उलटत राहिले. अकरा वर्षांत भिंतीतून कोण कोण गेलं, कोण आलं, याची एकही नोंद माझ्यात नाही. ती ठेवण्यासाठीच मला बनवलं होतं.

गुरुवारी दुपारी मिस्त्री या रेषेतल्या धाकट्याच्या घरी गेले. परत आले तेव्हा ताईंनी विचारलं नाही, त्यांनीच सांगितलं. "दारावर नाव त्याचंच आहे. भावजय म्हणाली, या दादा, फार दिवसांनी आलात. पाना भिंतीला टांगलाय, खिळ्यावर. हातातच होता म्हणे त्याच्या. पाना धरलेला, म्हणून पाइप धरता आला नाही." मग म्हणाले, "आमच्याकडे त्याने पाना आधीच खाली टाकला होता. मीच ओरडलो होतो खालून, अरे टाक तो, जड आहे. त्याच्या पायावर पडेल की काय म्हणून नव्हे हो, माझी मान दुखत होती वर बघून."

तिथे रेष फुटली होती. त्या दिवसाची मिळवणी दोन्हीकडे एकाच वाक्याने झाली होती. ते वाक्य तुम्हाला माहीत आहे.

गुरुवारी चारच्या सुमाराला तिकडच्या मिस्त्रींनी काचेत पाहिलं. आपलंच तोंड आपल्याकडे बघतं आहे हे त्यांनी ओळखलं. काय झालंय हे त्यांना बुधवारीच कळलं होतं, यात शंका नको. तीस वर्षं त्यांनी काळजोड सांभाळला होता. त्यांनी खुंटीवरचा टॉवेल काढला आणि काचेवर टाकला. त्यानंतर आम्हाला फक्त टॉवेल दिसत होता. निळ्या चौकटीचा. चांगला होता.

शुक्रवारी सकाळी ताईंनी मिळवणीत इतकं सांगितलं, इतकं सांगितलं की साहेबांच्या बुटाच्या सुटलेल्या नाडीपर्यंत काही सोडलं नाही. मिस्त्रींनीही तेच सांगितलं, आणि वर मंगळवारी भाऊ आल्याचं पुन्हा सांगितलं. फट उघडी ठेवायला आमच्या बाजूने काही कमी पडलं नाही. दुपारी तीन वाजल्यापासून मिस्त्री कर्ण्यात तोंड घालून हाका मारत होते. स्वतःला तू म्हणायचं की तुम्ही, याचा नियम कुठे लिहिलेला नाही. ते "अहो मिस्त्री" म्हणत होते.

साडेचारला टॉवेलचं एक टोक वर झालं.

"ऐकतोय," तिकडचे म्हणाले.

"फरक नोंदवा. चिठ्ठी ठेवा बाजूला, कर्ण्यात एवढंच सांगा, माझा भाऊ पाच वर्षांपूर्वीच गेला. आत्ता सांगितलंत तरी होतंय."

"माहीत आहे मला कसं होतं ते."

"तो माझा भाऊ आहे."

"माझा नाही?"

 तिकडच्यांनी टॉवेल आणखी वर केला. दाढी केलेली होती, केस विंचरलेले होते. या रेषेत मी त्यांना पाच वर्षांत तसं पाहिलं नव्हतं.

"तुम्ही ओरडलात," तिकडचे म्हणाले. "पाना टाक म्हणून. मीही खालीच उभा होतो, शिडी धरून. मलाही म्हणायचं होतं."

"मग?"

"मला शिंक आली."

 ताई नोंदवहीवर हात ठेवून बसल्या होत्या. घड्याळात सोळा मिनिटं उरली होती.

"पाच वर्षं जास्त मिळाली तुम्हाला," तिकडचे म्हणाले. "काय केलंत?"

"काय करायचं असतं? भाऊ आहे तो. होता आपला."

"मागच्या वर्षी चार महिने बोलत नव्हतात म्हणे त्याच्याशी."

"त्याने सांगितलं?"

"हसत सांगितलं. स्वयंपाकघरातल्या नळावरून."

"प्लंबर असून सख्ख्या भावाचा नळ गळतो, म्हणून बोललो जरा. तो रुसला. मग मीही..."

"काल बसवून गेला. मी सकाळी निरोप पाठवला, ये म्हटलं. आल्यावर तीन तास बसला. एक वायसर बदलायला तीन तास."

मिस्त्रींचं कपाळ कर्ण्याला टेकलं होतं. पितळेवर त्यांच्या श्वासाची वाफ येत होती आणि जात होती. मी एकट्यानेच चाक फिरवायला हवं होतं का? एकट्याने चाक ओढलं तर भिंतच पडते आणि सगळ्या गल्लीतली माणसं कुठल्या कुठे जातात. मी ओढलं नाही. नियम होता म्हणून नव्हे. मला भीती वाटली.

"ऐक रे," मिस्त्री शेवटी म्हणाले. अहोजाहो आता संपलं होतं. "ऐक. सोड मला. फार नाही मागत. चार महिने बोललो नाही ते मला भरून काढायचंय."

"मलाही," तिकडचे म्हणाले.

पाचाला चार मिनिटं होती. तिकडे दारावर टकटक झाली आणि कुणीतरी जिन्यातूनच म्हणालं, "दादा, निघायचं ना?"

मिस्त्रींनी मान वर केली. आवाज ऐकून त्यांचं तोंड उघडलं. हाक मारतील असं आम्हाला वाटलं. मारली असती तर धाकट्याने दोन दादा पाहिले असते. त्यांनी तोंड मिटलं. मग हळू आवाजात, घाईघाईने बोलू लागले. "त्याला जिने चढू देऊ नको. मुद्दाम चढून येतो, गुडघा दुखतो ते सांगत नाही. तू खाली जात जा. आणि शिडीवर..."

"शिडीवर नाही चढू देत," तिकडचे म्हणाले. "येतो." हे त्यांनी इकडे म्हटलं की जिन्याकडे, ते कळलं नाही. टॉवेल खाली पडला.

पाच वाजले. माझे काटे एकमेकांवर आले, आपोआप, अगदी अलगद. काच काळी झाली आणि तिच्यात खोलीतला दिवा दिसायला लागला. साहेब दारातून डोकावले. "आता नाही ना फरक?" त्यांनी विचारलं, आणि काटे पाहून त्यांचा जीव भांड्यात पडला.

ताईंनी त्या तीन दिवसांची नोंद खोडली नाही. साहेबांनी पांढऱ्या शाईने खोडली.

नंतरच्या आठवड्यात नव्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा आला, दोन हजारांचा. ताईंनी तो अजून फोडलेला नाही. हे साहेबांना माहीत नाही. तुम्हीही कृपया सांगू नका. मिळवणी पुन्हा पूर्वीसारखी होते. दोघं बारीकसारीक सगळं सांगतात. कधी काटे अर्धं बोट हलतात, तेव्हा ताई वहीत शून्य लिहितात आणि मग दोघं मिळून तो फरक शोधत बसतात. भिंत पुन्हा जाड व्हायला अकरा वर्षं लागतील. तोवर तुमच्यापैकी कुणाला दिव्याचं बटण भलत्याच बाजूला सापडलं, तर दोन मिनिटं उभं राहून कामाला लागू नका. कुणाला तरी विचारा.

मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या यंत्रांचं फारसं मागणं नसतं. महिन्याला थेंबभर तेल घाला. काच कोरड्या कापडाने पुसा. माझी बरगडी ओढू नका. आणि काल काय झालं असं कुणी विचारलं तर जे झालं ते सांगा. कंटाळवाणं असलं तरी सांगा. आपल्या माणसाचं तर नक्की सांगा: कोण आलं, काय म्हणालं, कशावरून हसलं. मला वाटायचं, हे सगळं फक्त माझ्या कामाचं असतं.

मिस्त्रींचं काय झालं, असं तुम्ही विचाराल. सोमवारी त्यांनी भाऊ वारल्याची रजा मागितली. नियमात अशी पाच दिवसांची रजा आहे. मंगळवारी अर्ज परत आला. ही रजा त्यांनी पाच वर्षांपूर्वीच घेतलेली होती.